तेविसावी तसबीर

जुन्नर,
ता. ९ फेब्रुवारी १९०९

प्रिय सावळेराम मास्तर यास शफी कागद्याचा सलाम.

इकडे सर्व खुशाल, तिकडची खुशाली कळवत जावी, असं लिहायची रीत आहे म्हणून लिहिलं. खुशाल इथे कोणीच नाही. माझं अक्षर दिसलं की तू पाकीट तसंच चुलीत घालणार, हे ओळखून वरचा पत्ता मी पोस्टमास्तरांकडून लिहून घेतला. आता फोडलंच आहेस तर शेवटपर्यंत वाच.

तू जुन्नरच्या पेठेत, भर बाजाराच्या दिवशी, माझ्या कानाखाली वाजवलीस, भिंतीवरची माझी जाहिरात फाडून माझ्याच तोंडावर फेकलीस आणि वर थुंकलास, त्याला दीड महिना झाला. तक्रार नाही. डाव्या कानाने अजून नीट ऐकू येत नाही, आणि उजव्याने जे ऐकू येतं ते न ऐकलेलं बरं. तू त्याच पावली धरणगावला तुझ्या शाळेत परत गेलास आणि मला एक शब्द बोलू दिला नाहीस. तेव्हा मला बोलायचं नव्हतंच, हेही खरं.

आधी बातमी. तुझ्या वडिलांचा खटला पुण्याच्या सेशन कोर्टात मार्चच्या मध्यात लागतो आहे. तुमचं सारं आहुपं गाव त्यांना गेणभाऊ म्हणतं, मीही शाळेत असल्यापासून तेच म्हणत आलो, तसंच लिहितो. गेणभाऊंवर आरोप असा, की त्यांनी गावातल्या सहा जणांना हत्यारं देऊन देवराईच्या तोंडाशी उभं केलं, वाट अडवली आणि कोळशाच्या ठेकेदाराचा मुकादम रखमाजी याला ठरवून ठार मारलं. सरकारी वकील फाशी मागणार आहेत. पुरावा काय, तर आमच्या नवाबने काढलेली तसबीर आणि तिच्याखाली मी छापलेल्या दोन ओळी.

ती तसबीर कशी निघाली, हे तू कोणाकोणाच्या तोंडून ऐकलं असशील. माझ्या तोंडून ऐक.

नवाब तुला ठाऊक आहे, माझ्या बहिणीचा, हसीनाचा नवरा, माझा मेहुणा. पुण्याच्या लष्कर भागात एका फोटोवाल्याकडे चार वर्षं काढून तो कॅमेरा आणि तिवई घेऊन गावी आला आणि दोन वर्षं घाटघरपासून आहुप्यापर्यंत भटकला. बोलतो कमी. पण त्याने काढलेल्या तसबिरीपुढे बोलणारी माणसंही गप्प होतात. खुदाने त्याला हात दिले आणि मला तोंड. आमच्या घराण्यात कागद करतात, विकायचं कसं ते मला कळतं. मी ठरवलं, याच्या चोवीस तसबिरींचा एक संग्रह काढायचा. आमच्याच जुन्नरी कागदावर चिकटवायचा. संच फक्त एकवीस, आणि एकविसावा गेला की गिऱ्हाइकांच्या डोळ्यांदेखत, तसबिरी ज्यांवरून छापतात त्या नवाबच्या सगळ्या काचा हातोडीने फोडायच्या. मग कोणा संस्थानिकाने पालखी पाठवली तरी बाविसावा संच निघणार नाही. जे शेजाऱ्याला मिळणार नाही ते माणसाला हवंच असतं, यावर माझा सगळा डाव होता.

डाव काही लागेना. पाच महिने मी पुण्याचे वाडे आणि साहेबांचे बंगले झिजवले आणि चार गिऱ्हाइकं मिळाली. डोंगर, धुकं, भात झोडणाऱ्या बाया. लोक म्हणत, सुरेख आहे हो, आणि चहा पाजून वाटेला लावत. नवाबला त्याचं काहीच वाटत नव्हतं. मला मात्र झोप येईना. बघणारा खुर्चीतून उठला पाहिजे अशी एक तरी तसबीर मला हवी होती.

म्हणून मार्गशीर्षात, राईतल्या भैरोबाला गाव बकरं कापतं त्या दिवशी, मी नवाबला घेऊन आहुप्याला आलो. गेणभाऊंना म्हणालो, तुमचे वाडवडील या राईपुढे हत्यार घेऊन उभे राहायचे, तसे उभे राहा, तुमची तसबीर लाटसाहेबाच्या घरात लागेल. त्यांना हसू आलं. पण तुझा भाऊ भिका हटूनच बसला. एकोणीस वर्षांचा घोडा, त्याला उभं राहायचंच होतं, आणि धाकट्यापुढे तुझ्या वडिलांचं कधी चाललंय? सात जण ओळीने उभे राहिले. भिका मध्ये. कोयते गावातल्यांचे होते. तलवारींचं मागाहून सांगेन.

नवाबची रीत अशी, की तो काळ्या कापडाखालून बाहेर येतो, कॅमेऱ्याच्या भिंगावरची टोपी काढतो, मोठ्याने चार आकडे मोजतो आणि टोपी परत लावतो. तोवर कोणी पापणी हलवायची नाही. पहिल्या खेपेला सगळे हसले आणि काच फुकट गेली. दुसऱ्या खेपेला मी बाजूला उभा राहून ओरडत होतो, हलू नका, कोणी हलू नका. आणि ते हलले नाहीत. माझं लक्ष नवाबकडे होतं. रखमाजीची माणसं झाडं मोजायला म्हणून त्या पायवाटेने कधी वर आली, मला कळलंच नाही.

त्यांना काय दिसलं असेल, ते तूच बघ. महिनाभर ज्या गावाशी राईच्या झाडांवरून तंटा चाललाय, तिथली सात माणसं हत्यार उगारून, दगडासारखी गप्प, त्यांच्या वाटेत उभी. त्यांनी विचारलं नाही. नवाबने 'चार' म्हणून टोपी लावली आणि रखमाजीची कुऱ्हाड भिकाच्या मानेत आणि खांद्यात बसली. इतकी रुतली की निघेना. रखमाजीने त्याच्या छातीवर पाय ठेवून ती उपसली आणि दुसरा घाव कपाळावर घातला. भिका पडतानाही त्याचा हात वरच होता. मग गेणभाऊंच्या तोंडून जो आवाज निघाला तो माणसाचा नव्हता. त्यांचा कोयता रखमाजीच्या मनगटावर बसला, मग जबड्यावर, मग रखमाजी खाली पडल्यावर किती वेळा, ते मी मोजलं नाही. बाकीचे एकमेकांना दगडांनी ठेचत होते. नवाबच्या काळ्या कापडावर रक्ताची चिळकांडी आली तरी त्याने काच डब्यात सरकवली, डबा छातीशी धरला आणि मगच तो खाली बसला.

ती तसबीर तेविसावी. नीट उठली आहे. सात माणसं, सात हत्यारं, आणि उजव्या कडेला धुरकट असं काहीतरी धावत येणारं.

आता मी काय केलं ते. भिकाचा तेरावा व्हायच्या आत मी ती छापली आणि जाहिरात काढली. तू फाडलीस तीच: 'आहुप्याच्या रणाची खरीखुरी तसबीर. देवराईसाठी हत्यार उपसून शत्रूची वाट पाहणारे डोंगरी वीर, खुनाच्या ऐन क्षणी. एकवीसच प्रती, नंतर काचा फोडण्यात येतील.' मनाला सांगितलं, भिकाचं नाव राहील. खोटं होतं ते. मला गिऱ्हाईक हवं होतं. आठ दिवसांत सगळे संच गेले. पुण्याहून टांगे करून लोक आमच्या कागदाच्या वखारीत आले आणि त्यांच्यापुढे मी स्वतः हातोडी घेऊन काचा फोडल्या. हसलेली ती पहिली काचही फोडली, कारण काचा म्हणजे सगळ्या काचा असं मी छापून बसलो होतो. लोकांनी टाळ्या वाजवल्या. तीच एक काच आज गेणभाऊंच्या गळ्यातला दोर काढू शकली असती.

'शत्रूची वाट पाहणारे' हे शब्द सरकारी वकिलांनी तांबड्या शाईने अधोरेखित केले आहेत असं आपले वकील सांगत होते.

आणि गेणभाऊ? ते मॅजिस्ट्रेटपुढे म्हणाले, "व्हय. आमी देवासाठी उभं व्हतो." फोटोचं अवाक्षर नाही. वकिलांनी डोकं धरलं. तू ये आणि त्यांना समजाव. माझ्यासाठी नको येऊस.

तुझा,
शफी


जुन्नर,
ता. ५ मार्च १९०९

सावळेराम,

सलाम. तुझं कार्ड पोचलं. 'मला रजा नाही. मला बाप हवा. बाकी काही लिहू नकोस.' एवढंच. पहिलं मी खोटं समजतो, दुसरं खरं, आणि तिसरं ऐकणार नाही.

परवा येरवड्याला जाऊन गेणभाऊंना भेटलो. बारीक झालेत, पण आवाज तोच. मला बघून तोंड फिरवतील असं वाटलं होतं. तसं काही नाही. "शफी, जेवून आलास का?" म्हणाले. मी बसलो आणि वकिलांनी शिकवलेलं सगळं एका दमात सांगितलं. तुम्ही फोटोसाठी उभे होतात एवढं म्हणा, पहिला घाव त्यांचा होता, बाप म्हणून तुमचा हात उठला. फाशी टळेल.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "माझा भिका फोटूसाठी मेला, आसं म्हनू?"

"जीव वाचेल तुमचा."

"माझा जीव लई जगून झाला, पोरा. त्याचं काय? गावानं त्यो पडला तिथल्या धोंड्याला शेंदूर लावलाय. ठेकेदाराचा एक मानूस राईत पाय घालीत न्हाई. का? तर आमचं पोर देवासाठी मेलं म्हून. आन् तू जाऊन सांग, देवासाठी न्हाई, आमच्या कागदासाठी मेलं. मंग बग राई किती दीस ऱ्हाती."

"ते मीच छापलं होतं, गेणभाऊ. देवासाठी वगैरे."

"तू छापलंस. आमी मानलं. आता ते तुझं न्हाई ऱ्हायलं." आणि वर म्हणाले, "त्याची आई त्या एका गोष्टीवर दोन घास खाती. तेवढं तिच्या तोंडचं काढू नगंस."

मी उठलो आणि बाहेर येऊन भिंतीला डोकं आपटलं. लाक्षणिक नाही म्हणत, खरंच आपटलं, टेंगूळ आलंय. मला राग आला होता तुझ्या वडिलांचा. माणूस मरायला इतका तयार कसा असतो? आणि मरायला तयार झालेल्याला वाचवायचं तरी कशाने?

आता तलवारींचं सांगतो. पहिल्या पत्रात टाळलं होतं.

तसबिरीत तीन जणांच्या हातात तलवारी आहेत. त्या मी नेल्या होत्या. गेल्या वर्षीच्या ताबुतांच्या मिरवणुकीत पोरांनी नाचवाव्यात म्हणून मीच केलेल्या. लाकडाच्या पट्ट्या, वर चंदेरी कागद, मुठीवर कागदाचाच कापलेला चांद. कोयत्यांनी तसबीर भरत नव्हती, म्हणून नेल्या. भिकाच्या हातात असली एक तलवार होती. रखमाजीची कुऱ्हाड तिच्यातून कापत त्याच्या मानेत गेली. त्या धांदलीत मी तिन्ही उचलल्या, भिकाची दोन तुकड्यांत, आणि नवाबच्या पेटीत कोंबल्या. जुन्नरला आणून वखारीत कागदांच्या गठ्ठ्यांखाली ठेवल्या.

का? पोलिसांचं भय. आणि जाहिरातीत खऱ्या तलवारी म्हणून दाखवायच्या होत्या, हेही.

तसबीर बाजारात आल्यावर शिपाई आहुप्याला चार वेळा गेले. तलवारी कुठे लपवल्या, काढा. कोणी काढणार कशा? भागूला, तुझ्या शेजारचा भागू, ओळीत टोकाला होता तो, त्याला उलटा टांगून तळपायांवर वेताने मारलं. पायाची कातडी निघून आली. जामिनावर घरी आलाय, पण अजून तो ढुंगणावर सरकत अंगणात येतो. लंकाबाई म्हातारी मध्ये पडली तर तिचे केस धरून तिला उंबऱ्यावर आपटलं, पुढचे दात गेले. तिच्या सुनेच्या कुशीतलं पोर खाली पडलं. हे मला सगळं कळत होतं, सावळेराम. बाजाराला आलेले लोक सांगत होते, मी ऐकत होतो आणि घरी येऊन त्या गठ्ठ्यांवर बसून गिऱ्हाइकांना पत्रं लिहीत होतो. तुझी थप्पड कमी पडली ती इथे.

गेल्या मंगळवारी ठेकेदाराला कोणीतरी सांगितलं, की मी कोर्टात उलटणार आहे. मी कोणाला बोललो नव्हतो. मलाच अजून ठाऊक नव्हतं. पण भर दुपारी पाच जण वखारीत आले. दोघांनी मला धरलं. मला वाटलं मला मारतील. मला नाही मारलं. नवाबला ओढत ढेंकीपाशी नेलं. कागदाचा लगदा कुटायला आमच्याकडे पायाने दाबायचं मोठं लाकडी मुसळ असतं, ती ढेंकी. त्याचा उजवा हात उखळीत धरला आणि एक जण फळीवर चढला. पहिल्या घावाला नवाब ओरडला. दुसऱ्याला नाही. पाच वेळा हाणलं. माझ्या तोंडात चिंधी होती. जाताना एक जण म्हणाला, "साक्षीला गेलास तर दुसराबी कुटू." आणि कॅमेरा उचलून हौदात टाकला.

वैद्याने हात कोपरापासून बांधलाय. बोटं आहेत, पण ती कोणाची तरी दुसऱ्याची वाटतात. नवाब काल पहिल्यांदा बोलला. म्हणाला, तसबीर माझी खरी होती, शफी. तिच्याखालचं तू लिहिलंस. ते पुसून ये.

आणि हसीना. ती आयुष्यात मला मोठ्याने बोललेली नाही. ती वखारीत गेली, गठ्ठे उपसले, तलवारी बाहेर काढल्या आणि माझ्यापुढे ठेवल्या. भिकाच्या तलवारीच्या चंदेरी कागदावर रक्त वाळून काळं पडलंय. म्हणाली, "तू नेतोस की मी नेऊ?"

मी नेतो आहे. तुझे वडील मला माफ करणार नाहीत. नको करू देत. जिवंत राहून रोज सकाळी मला शिव्या घालू देत, मला तेवढं चालेल.

शफी


पुणे,
ता. १९ मार्च १९०९

सावळेराम यास,

सलाम लिहायचा म्हणून लिहितो. या पत्रात शब्द जागोजाग फिसकटलेले दिसतील. तोंडाला पट्टी आहे, मान खाली घातली की रक्त कागदावर गळतं. कारण शेवटी सांगतो.

तुझे वडील जिवंत आहेत. आधी हे वाच आणि मग पुढे.

बुधवारी माझी साक्ष झाली. मला आधी वाटलं होतं, मी कोर्टात ऐटीत बोलेन. बोलण्यावरच जगत आलोय. पिंजऱ्यात उभा राहिलो आणि दोन्ही हातांनी कठडा धरला. समोर गेणभाऊ, हातात बेड्या, माझ्याकडे एकटक बघत होते. मान हलवून नको म्हणत होते. मागे बाकावर तुझी आई झुंबरबाई बसली होती. आहुप्याहून चालत आली होती, पदरात शेंदूर लावलेला एक खडा बांधून.

मी सांगितलं. तसबीर मी उभी केली. जाहिरात मी लिहिली आणि ती खोटी आहे. यांनी कोणाची वाट पाहिली नाही; यांना मी उभं केलं. सरकारी वकील उठले. "तेव्हा लिहिलंत ते खोटं की आता बोलता ते?" मी म्हणालो, तेव्हाचं विकायचं होतं. लोक हसले. वकील म्हणाले, आजही काही विकताच आहात. मग मी पिशवीतून तलवारी काढल्या.

जज्जसाहेबांनी भिंग मागवलं. तसबिरीतल्या भिकाच्या हाताशी ते धरलं, मग टेबलावरच्या तुकड्यांशी, मग पुन्हा तसबिरीशी. मुठीवरचा कागदाचा चांद दोन्हीकडे तोच, एक टोक दुमडलेलं. त्यांनी चंदेरी कागद नखाने सोलला आणि खालची लाकडी पट्टी बोटांनी दाबली. ती मोडली. एवढ्या मोठ्या दालनात तो आवाज सगळ्यांना ऐकू गेला. पलीकडे गेणभाऊंनी डोळे मिटले.

इथे मला थांबता आलं असतं. आपल्या वकिलांनी खूण केली, पुरे. पण जज्जसाहेबांनीच विचारलं, "ती माणसं वर आली तेव्हा तुम्ही कुठे बघत होता?"

तुला मी लिहिलं होतं, नवाबकडे. पोलिसांना तेच सांगितलं, नवाबला तेच सांगितलं, आणि एवढ्या वेळा सांगितलं की अधूनमधून मलाही ते खरं वाटायचं. मी म्हणालो, "वाटेकडे."

"दिसली?"

"दिसली. पंचवीसएक पावलांवर. कुऱ्हाडी खांद्यावरून हातात आलेल्या."

"मग तुम्ही ओरडला नाहीत?"

"ओरडलो. हलू नका म्हणून."

सावळेराम, मी त्यांना येताना पाहिलं. नवाबने टोपी काढली होती, तो 'एक' म्हणाला होता. माझ्या मनात पहिला विचार आला तो असा, की हे कडेने चौकटीत येतील आणि तसबिरीत खरी लढाई दिसेल. भीती वाटलीच नाही. आनंद झाला. भिकाच्या डोळ्यांच्या कडेला ते दिसले असणार, कारण त्याची मान एवढीशी वळली, आणि मी त्याच्यावर खेकसलो, "भिका, हलायचं नाही." आणि त्याने मान सरळ केली. तेवढ्यात ते पोचले. मी ते शब्द बोललो नसतो तर तो उडी मारून बाजूला झाला असता. डोंगरातलं पोर, किती चपळ होतं ते तुला मी काय सांगू.

हे मी कोणालाच सांगितलं नव्हतं. भर कोर्टात सांगितलं, आणि माझ्या तोंडचं ते ऐकताना मला माझ्याच तोंडात कुऱ्हाड घालावीशी वाटली.

काल निकाल लागला. ठरवून खून नाही, मुलगा डोळ्यांपुढे पडला म्हणून उठलेला हात, असं जज्जसाहेबांनी धरलं. दीड वर्ष सक्तमजुरी. ओळीतले बाकीचे आरोपीही सुटले, भागूला दोघांनी उचलून बाहेर आणलं. माझ्यावर तलवारी दडवल्याचा वेगळा खटला होणार आहे, तो झालाच पाहिजे.

कोर्टाच्या पडवीत शिपाई गेणभाऊंना घेऊन चालले होते. मी बाजूला उभा होतो. ते माझ्यासमोर थांबले. दोन्ही हात बेड्यांसकट वर उचलले आणि सगळ्या ताकदीनिशी माझ्या तोंडावर आणले. समोरचे तीन दात गेले, खालचा ओठ हनुवटीपर्यंत फाटला. मी पडलो तरी त्यांनी आणखी एकदा हाणलं, आणि मी तोंड झाकलं नाही. शिपायांनी त्यांना ओढलं तेव्हा ते म्हणाले, "पैल्यांदा त्याला कुऱ्हाडीनं मारलंस. आज तू तोंडानं मारलंस. माझ्या पोराला दोनदा मारलंस तू." पुन्हा म्हणाले, "दोनदा." आणि गेले. चालताना खांदे ताठ होते. तब्येत चांगली आहे, दीड वर्ष काढतील.

राईचं त्यांनी म्हटलं तेच होणार असं दिसतं. आज सकाळी मंचरचा एक गाडीवान भेटला. माझ्या साक्षीची बातमी निकालाआधीच घाटापाशी पोचली होती. ठेकेदाराची माणसं चुन्याची बादली घेऊन राईत शिरली आहेत आणि तोडायच्या झाडांवर पट्टे ओढत आहेत. कोणी आडवं गेलं नाही. फोटोसाठी मेलेल्याच्या धोंड्याला कोण भितो?

मी ओठ धरून पायरीवर बसलो होतो तेव्हा तुझी आई आली. माझ्या शेजारी बसली. मला वाटलं, ती शिव्या देईल, छाती बडवेल. तिने पदर फाडून माझ्या तोंडाला बांधला. गाठ मारता मारता विचारलं, "तू हलू नगं म्हनलास, आन् त्यो हलला न्हाई?"

मी होय म्हणून मान हलवली.

"माझं कदीच ऐकलं न्हाई त्यानं," ती म्हणाली. "बस म्हनलं की उटायचा. घरात थांब म्हनलं की रानात. तुझं कसं रं ऐकलं?"

  मग तिने तो शेंदराचा खडा पदरातून सोडवून पायरीवर ठेवला आणि एकटीच वाटेला लागली. तू रजा काढ, आहुप्याला जा आणि तिच्यापाशी बस. ती तुलाही हेच विचारणार आहे.

तुझा बाप राखणारा आणि तुझ्या भावाला जागचा हलू न देणारा,
शफी